किल्ला घेतल्यानंतर

(दिंडोशी येथील स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



संयोजकांनी विषय विचारला तेव्हा मी 'वसईचे पहिले मराठी सुभेदार' असं कळवलं. पलीकडून लगेच प्रश्न आला, "म्हणजे चिमाजीअप्पाच ना?" तर ते नव्हेत. चिमाजीअप्पांनी वसई घेतली आणि ते परत गेले. पुढच्याच वर्षी, १७४० च्या डिसेंबरात, ते वारलेही. वसईला मागे राहिले ते शंकराजी केशव फडके. वेढ्याच्या पहिल्या दिवसापासून ते तिथं होते आणि वेढा संपल्यावर तो मुलूख त्यांच्या गळ्यात पडला. मोहिमेवर आपल्याकडे पुस्तकं आहेत, नाटकं आहेत, शाळेत धडा आहे. मोहीम संपल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी उठून त्या मुलखाचं काय करायचं, हा प्रश्न ज्याच्यापुढे होता त्याच्याविषयी मात्र आपण फारसं बोलत नाही. ती कसर थोडी भरून काढावी म्हणून हा विषय.

दिंडोशीत हा विषय घेण्याला कारण आहे. आपण बसलो आहोत ती जागा साष्टी बेटातली. पालिकेची हद्द वाढत इथवर आली म्हणून आपण सगळे मुंबईकर झालो. पण दोन-अडीचशे वर्षांपूर्वी मुंबई माहीमच्या खाडीशी संपत होती. खाडीच्या पलीकडे १६६५ पासून इंग्रज. अलीकडे वांद्र्यापासून घोडबंदरापर्यंत आणि वर्सोव्यापासून ठाण्यापर्यंत पोर्तुगीज. १५३४ च्या डिसेंबरात गुजरातच्या बहादूरशहानं वसई आणि तिच्या खालचा मुलूख त्यांना तोडून दिला, तेव्हापासून १७३७ पर्यंत, म्हणजे दोनशे वर्षं, आपल्या या टेकड्यांचा वसूल वसईच्या कोटात जात होता. 'उत्तर प्रांत' असं ते या भागाला म्हणत. वसई ही त्या प्रांताची राजधानी आणि तिथं बसणारा जनरल हा गोव्याच्या खालोखालचा माणूस.

मालाडचं एक नाव इथं घ्यायला हवं. अंताजी रघुनाथ कावळे. मालाडचे वतनदार. पोर्तुगीज राज्यात हिंदूंना उघडपणे धर्मकृत्यं करायला बंदी होती. गोव्यात १५६० पासून इन्क्विझिशनचं न्यायालय बसलेलं होतं आणि त्याचा हात उत्तर प्रांतापर्यंत पोचत होता. अंताजींनी ती बंदी मोडली. त्यांचं वतन जप्त झालं, त्यांना धरून गोव्याला पाठवायचा हुकूम सुटला, आणि ते निसटून पुण्याकडे गेले. भिवंडीजवळच्या अंजूरचे गंगाजी नाईक आणि त्यांचे भाऊ यांचीही अशीच तक्रार पेशव्यांच्या कानी आधीपासून होती. या अंजूरकर नाईकांच्या घराण्याची हकीकत 'साष्टीची बखर' म्हणून आपल्याला वाचायला मिळते. बखर आहे, घराण्याचा अभिमान तिच्यात पुरेपूर आहे, तेवढं सोडून वाचावी. सांगायचा मुद्दा असा की १७३७ ची स्वारी पुण्याच्या दरबारात आखली गेली, तरी तिची वाट दाखवणारे लोक इथले होते. खाडीला ओहोटी कधी, कुठल्या पाणवठ्यावर पहारा असतो, ठाण्याच्या नव्या कोटाचं बांधकाम कुठवर आलंय, ही माहिती त्यांची.

आणि ठाण्याचा तो कोट अजून पुरा व्हायचा होता. १७३७ च्या मार्च अखेरीस, अगदी एका रात्रीच्या छाप्यात, मराठे साष्टीत उतरले. उत्तर प्रांताचा जनरल दों लुईश बोतेल्यु ठाणं सोडून करंज्याकडे गेला. ठाणं हाती आलं, घोडबंदर आलं, आणि थोड्याच दिवसांत साष्टीचा बहुतेक भाग मराठ्यांच्या अमलाखाली आला. त्याच सुमाराला दुसरी फौज उत्तरेला वसईवर चालून गेली. तिचे मुख्य शंकराजी केशव.

आता शंकराजीपंतांचं चरित्र सांगायला लागलो, की हात आखडतो. कोकणस्थ फडके घराणं, पेशव्यांच्या विश्वासातला सरदार-कारकून, आणि मग एकदम १७३७ चं वसईचं रण. बाजीरावांच्या काळातली ही माणसं अशीच आपल्यापुढे येतात. लेखणी आणि तलवार एकाच हातात असते. सकाळी मोर्चे बघायचे, दुपारी दाण्यागोट्याचा हिशेब लिहायचा, रात्री हुजुरास पत्र. पेशवे दफ्तरातले निवडक कागद गोविंद सखाराम सरदेसाई यांनी १९३० नंतर ४५ खंडांत छापले. त्यातला एक अख्खा खंड या मोहिमेचा आहे. तो उघडला की शौर्यापेक्षा जास्त काय भेटतं? दारूगोळा कमी आहे. शिड्या लहान पडल्या. पाऊस थांबत नाही. गलबतं मिळत नाहीत. माणसं आजारी आहेत. ज्याला मोहिमेचा खरा वास घ्यायचा असेल त्यानं हा खंड वाचावा. मला स्वतःला तो बखरींपेक्षा अधिक थरारक वाटतो.

पंतांनी १७३७ च्या मार्चमध्येच अर्नाळा घेतला. वसईच्या उत्तरेला समुद्रातलं हे बेट. वैतरणेच्या मुखावर बसलेलं. ते हाती असलं की उत्तरेकडून वसईला येणारी रसद अडवता येते. तिथला पडका कोट मराठ्यांनी नव्यानं बांधून काढला आणि दरवाजावर छंदोबद्ध मराठी लेख बसवला. बाजीरावांनी शंकरास आज्ञा केली, की पाश्चात्यांना मारून समुद्राच्या पोटात झटपट जंजिरा बांधावा, असा त्याचा आशय आहे. तो 'शंकर' म्हणजे आपले शंकराजीपंत. 'झटपट' हा त्यातला भाग मला फार खरा वाटतो. पेशव्यांना सगळं झटपट हवं असे आणि ते करणाऱ्याकडे पैसे कधीच पुरेसे नसत.

वसई मात्र झटपट येईना. त्या कोटाची जागा अशी, की तीन बाजूंना खाडी, दलदल आणि समुद्र. जमिनीवरून जायला उत्तरेची एक अरुंद बाजू, आणि नेमके तिथंच भक्कम बुरूज. पोर्तुगीजांचं आरमार जोवर येत-जात होतं तोवर वेढ्याला अर्थ नव्हता. १७३७ च्या पावसाळ्यात शिड्या लावून चढायचे प्रयत्न झाले आणि फसले. माणसं गेली. पुण्याहून टोचणारी पत्रं आली. शंकराजीपंत हे यशस्वी सेनापती होते असं म्हणायला मी तयार नाही. दोन वर्षं ते वसईपुढे बसून राहिले आणि वसई पडली ती चिमाजीअप्पा स्वतः मोठी फौज, मल्हारराव होळकर आणि राणोजी शिंदे यांच्यासह आल्यावर. पण ही दोन वर्षं ते उठून गेले नाहीत, ही गोष्टही लहान नाही. अर्नाळा राखला, वसईजवळच्या बहाद्दरपुऱ्याच्या बाजूचे मोर्चे राखले, आजूबाजूच्या गावांतून माणसं आणि बातमी मिळवत राहिले. १७३८ च्या डिसेंबरात पेद्रू द मेलू हा पोर्तुगीज सेनानी ठाणं परत घ्यायला आला आणि तोफेच्या गोळ्यानं मारला गेला. त्यानंतर पारडं फिरलं. १७३९ च्या सुरुवातीला केळवे-माहीम, तारापूर घेतलं; तारापूरला बाजी भिवराव रेठरेकर पडले. मग उत्तनजवळची धारावी, आपल्या मढच्या टोकावरचा वर्सोव्याचा किल्ला.

मे महिन्यात सुरुंगांनी सॅन सेबॅस्टियनच्या बुरुजाला खिंडार पाडलं. काही सुरुंग उशिरा उडाले आणि आत घुसलेल्या आपल्याच माणसांवर फुटले. त्या आधीच किल्लेदार मार्तिन्यु दा सिल्वैरा पडला होता आणि कायतानो द सौझा परैराकडे सूत्रं आली होती. आत पैसा संपला होता. देवळांतली चांदी आणि तोफा गहाण टाकून मुंबईच्या इंग्रजांकडून १५,००० रुपये उचलावे लागले होते. इंग्रजांनी पैसे दिले, माणसं दिली नाहीत. मराठे जिंकले तर त्यांच्याशी बोलायला जागा उरावी, हा त्यांचा हिशेब.

चिमाजीअप्पांनी 'माझं डोकं तोफेला बांधून तरी किल्ल्यात टाका' असं म्हटल्याची गोष्ट तुम्ही ऐकलेली असेल. मला ती आवडत नाही. किल्लेदाराच्या बायकोला सन्मानानं परत पाठवल्याची दुसरी गोष्ट आहे. तीही कल्याणच्या सुभेदाराच्या सुनेच्या गोष्टीच्या साच्यातून काढलेली दिसते. अशा गोष्टी सांगून आपण खरी गोष्ट झाकतो. खरी गोष्ट तहाच्या कलमांत आहे.

१६ मे १७३९ ला कलमांवर सह्या झाल्या. काय होती ती? किल्ल्यातल्या शिबंदीनं हत्यारांसह, निशाणं उभारून, नगारे वाजवत बाहेर पडावं. बायकामुलांना आणि त्यांच्या चीजवस्तूला धक्का लागू नये. कैद्यांची अदलाबदल व्हावी. जे ख्रिस्ती मागे राहतील त्यांना आपला धर्म पाळण्याची मोकळीक असावी. किल्ला रिकामा करायला आठ दिवस. आणि २३ मे ला वसईवर मराठ्यांचं निशाण लागलं. पोर्तुगीजांच्या हिशेबात या युद्धात त्यांची ८ नगरं, ४ बंदरं, २० किल्ले, २ तटबंद टेकड्या आणि ३४० गावं गेली.

आता क्षणभर त्या जागी उभं राहून पाहा. बाहेर जी फौज उभी आहे तिनं दोन वर्षांत हजारो माणसं गमावली आहेत. तिच्यात अंताजी कावळ्यांसारखे, अंजूरकरांसारखे लोक आहेत, ज्यांच्या वतनांवर आणि देवांवर समोरच्यांनी हात टाकला होता. ज्यांच्या घरातली पोरकी मुलं बापाचं प्रेत उचलायच्या आत बाटवायला नेली जात, तसे लोक. आणि समोरून नगारे वाजवत ती शिबंदी निघाली आहे. त्या आठ दिवसांत तिच्यावर कुणी तुटून पडलं नाही. करार पाळला गेला. सैन्याला लूट न देता परत धाडणं ही त्या काळात किती अवघड गोष्ट होती, हे पानिपतापर्यंतची पत्रं वाचणाऱ्याला सांगावं लागत नाही.

पण सह्या करून चिमाजीअप्पा गेले. पाळायचं होतं ते पुढची वर्षानुवर्षं, आणि ते काम सुभेदाराचं.

इथं मी तुम्हाला जरा दूर, जपानात नेतो. विषयांतर वाटेल, पण याच प्रश्नाची दुसरी बाजू तिथं दिसते. आठव्या शतकाच्या शेवटी कान्मु नावाचा सम्राट होता. त्यानंच ७९४ मध्ये क्योटोला राजधानी हलवली. जपानच्या मुख्य बेटाच्या ईशान्येला तेव्हा एमिशी नावाचे लोक राहत. घोड्यावरून बाण मारण्यात पटाईत, दरबाराची सत्ता न मानणारे. ७८९ मध्ये त्यांच्या आतेरुइ या म्होरक्यानं दरबारी फौजेला किताकामी नदीत लोटलं. हजारावर माणसं बुडाली. मग साकानोउए नो तामुरामारो हा सरदार पुढे आला. ७५८ चा जन्म. पूर्वज बाहेरून येऊन स्थायिक झालेले, घराणं शिपाईगिरीचं. ७९६ मध्ये त्याला मुत्सु प्रांताचं सुभेदारपद मिळालं, आणि ७९७ मध्ये 'सेइ-इ ताइशोगुन' ही पदवी. पुढं चारशे वर्षांनी जपानचे राज्यकर्ते ज्या 'शोगुन' नावानं ओळखले जाऊ लागले, ते हेच पद.

तामुरामारोचं वैशिष्ट्य हे, की तो सेनापती आणि सुभेदार एकाच वेळी होता. ८०१ मध्ये त्यानं लढाई जिंकली, आणि ८०२ मध्ये लगेच इसावा इथं कोट बांधायला घेतला. त्या कोटाच्या परिसरात वसवायला दहा प्रांतांतून ४,००० माणसं आणायचा हुकूम निघाला. हा कोट म्हणजे ठाणंही आणि कचेरीही. पलीकडे कोट उभा राहतोय, वस्ती येतेय, हे पाहून आतेरुइ आणि त्याचा साथीदार पाचशे माणसांसह शरण आले. साथीदाराचं नाव मोरे. हसू नका, योगायोग आहे, देवकाशी संबंध नाही.

तामुरामारो दोघांना राजधानीत घेऊन गेला आणि त्यांना जिवंत परत पाठवावं असं त्यानं दरबाराला सांगितलं. यांच्याच हातून तिकडचे लोक वळतील, असं त्याचं म्हणणं होतं. दरबारातले उमराव म्हणाले, हे रानटी, यांच्या शब्दाचा भरवसा काय? आणि ८०२ च्या आठव्या महिन्यात दोघांची डोकी उडवली. तामुरामारोनं पुढच्याच वर्षी आणखी उत्तरेला शिवा इथं दुसरा कोट बांधला. ८०४ मध्ये नव्या स्वारीसाठी त्याची नेमणूकही झाली. ती निघालीच नाही. ८०५ मध्ये दरबारात वाद झाला, लोकांना कशाचा जाच होतोय? उत्तर आलं, लढायांचा आणि राजधानीच्या बांधकामाचा. सम्राटानं दोन्ही थांबवलं. ८११ मध्ये तामुरामारो वारला. क्योटोच्या कियोमिझु मंदिराच्या उभारणीशी त्याचं नाव जोडलेलं आहे, आणि त्याच मंदिराच्या आवारात १९९४ मध्ये आतेरुइ आणि मोरे यांच्या स्मरणार्थ शिळा बसवली गेली. ज्याला तो वाचवू शकला नाही त्याची शिळा त्याच्याच मंदिरात यायला जवळजवळ बाराशे वर्षं लागली.

दोन्हीकडे मुलूख जिंकणाऱ्यालाच तो चालवायचा होता. दोन्हीकडे समोरचा शरण आला होता. तामुरामारोच्या हातात शब्द पाळायचा अधिकार नव्हता. तो राजधानीतल्या, लढाई न पाहिलेल्या माणसांच्या हातात होता. वसईला पेशव्यांचा सख्खा भाऊ जागेवर होता, म्हणून कलमं तिथल्या तिथं ठरली आणि पुण्याहून कुणी ती मोडली नाहीत. शंकराजीपंत या बाबतीत नशीबवान.

शब्द पाळला गेला याचा पुरावा काय, असं तुम्ही विचाराल. मराठी कागद मी पुढे करत नाही. आपण आपली पाठ थोपटल्यासारखं होईल. १७६० मध्ये एक फ्रेंच विद्वान साष्टीत फिरला. आंकतिल दुपेराँ त्याचं नाव, अवेस्ताचा फ्रेंच अनुवाद करणारा. आपल्या मागच्या जंगलातली कान्हेरीची लेणी पाहायला तो आला होता. ठाण्याला चर्चचा उत्सव, मिरवणूक, हजारो ख्रिस्ती लोक त्यानं पाहिले, आणि ख्रिस्ती राज्यात असावं तितक्या मोकळेपणानं हे चाललंय याची नोंद केली. त्याला मराठ्यांचं कौतुक करण्याचं काही कारण नव्हतं. म्हणजे वसई पडल्यावर एकवीस वर्षांनीही कलम जिवंत होतं. युरोपीय पाद्री गेले होते, त्यांच्या जागी एतद्देशीय धर्मगुरू आले होते. आज या सभागृहात आपले ईस्ट इंडियन बांधव बसलेले आहेत. त्यांची गावठाणं, त्यांची बोली, त्यांचे सण मराठी अमलाच्या ३५ वर्षांतून चालत आलेले आहेत.

दुसरी बाजूही सांगतो. वसईच्या चर्चमधल्या घंटा उतरवून नेल्या. नाशिकची नारोशंकराची घंटा, मेणवलीची घंटा, भीमाशंकरची घंटा, या सगळ्या तिकडच्या. त्यातल्या पहिल्या दोघींवर १७२१ आणि १७०७ अशी ओतल्याची सालं आहेत. आपण त्या देवळात जाऊन मोठ्या अभिमानानं वाजवतो. विजयचिन्ह म्हणा हवं तर. पण ज्याच्या देवळातून ती आली त्याला ते शब्द कसे लागतील याचाही विचार करावा. बोरिवलीला मंडपेश्वराच्या शैव लेण्यावर पोर्तुगीजांनी मठ बांधून लेण्याचं चर्च केलं होतं. १७३९ नंतर तिथं पुन्हा महादेव आला, आणि इंग्रजी अमलात पुन्हा पालट झाला. मेट्रोनं जाताना उतरून पाहण्यासारखी जागा आहे. वर पडका मठ, खाली नटराज.

चिमाजीअप्पांनी वज्रेश्वरी देवीला नवस बोलला होता. देऊळ बांधायचं काम नव्या सुभेदारावर आलं, म्हणजे पंतांवर. नवस धन्याचा, खर्चाची जुळवाजुळव सुभेदाराची. हा जुना रिवाज आहे.

सुभेदारी म्हणजे काय होती, ते थोडं खोलात सांगतो, कारण खरा माणूस इथंच दिसतो. साष्टी-वसईची जमीन दोन प्रकारची. डोंगराच्या पायथ्याची भातशेती, आणि खाडीकाठची खारजमीन. खारजमीन बांधावर जगते. समुद्राचं पाणी अडवणारा मातीचा बांध दरवर्षी दुरुस्त करावा लागतो. एक भरतीचा लोंढा आत आला की शेत खारट होतं आणि पुढची काही वर्षं तिथं दाणा उगवत नाही. दोन वर्षांच्या लढाईत कुळं पळालेली. बांध कुणी घातलेला नाही. ताडीची झाडं आहेत, पण काढणारा नाही. मिठागरं आहेत, पण आगरी मुंबईला गेलेत. अशा वेळी सुभेदारानं पहिल्यांदा काय करायचं? वसुलाचा कारकून पाठवला तर जो उरलाय तोही माहीमची खाडी ओलांडून इंग्रजांकडे जाईल.

मराठी राज्यात याला एक ठरलेली वाट होती. गावाला कौल द्यायचा. 'अभय आहे, परत या, पहिल्या वर्षी इतकंच द्या, पुढच्या वर्षी थोडं जास्त, आणि इतक्या वर्षांनी पुरा धारा.' वाढत्या दराच्या या करारालाच इस्तावा म्हणत. कौल ही लहानशी चिठ्ठी, पण तिच्यावर सुभेदाराची अब्रू टांगलेली असे. एका गावात कौल मोडला की बातमी दुसऱ्या गावात भरतीच्या आधी पोचायची. म्हणून मी म्हणतो, वसईच्या कोटापुढे दिलेला शब्द आणि गावच्या पाटलाला दिलेला कौल या एकाच जातीच्या गोष्टी होत्या. पहिल्याचा दस्त इतिहासाच्या पुस्तकात गेला आणि दुसऱ्याचे कागद कुठल्या तरी पेटीत कसरीच्या तोंडी पडलेत.

त्याशिवाय आरमार उभं करायचं, किल्ल्यांची डागडुजी करायची, शिबंदीचा पगार भागवायचा. ठाणे-साष्टीच्या बाजूला खंडोजी माणकर आणि रामाजी महादेव बिवलकर ही नावं वारंवार येतात. रामाजी महादेव तर १७५५ मध्ये तुळाजी आंग्र्यांविरुद्ध इंग्रजांशी करार करण्यापर्यंत पुढे गेले. मराठ्यांचं आरमार मराठ्यांनीच बुडवलं, हा माझ्या मते त्या पिढीचा सर्वांत महाग पडलेला हिशेब आहे. आणि समोर इंग्रज. मराठ्यांच्या धडाक्यानं ते इतके घाबरले, की वांद्र्याचा पोर्तुगीज कोट आणि जेझुइटांचं कॉलेज मराठ्यांच्या हाती लागू नये म्हणून त्यांनी सुरुंगानं उडवलं. मुंबईच्या कोटाभोवती खंदक खणायला व्यापाऱ्यांनी ३०,००० रुपये वर्गणी दिली. कॅप्टन इंचबर्ड वसईला आला आणि १७३९ च्या जुलैत व्यापाराचा तह करून गेला; दुसरा, कॅप्टन गॉर्डन, त्याच सुमाराला साताऱ्याला शाहू महाराजांच्या दरबारी जाऊन पेशव्यांचे शत्रू कोण आहेत याची चाचपणी करत होता. एका हातानं तह आणि दुसऱ्या हातानं टेहळणी.

१८८२ चं ठाणे जिल्ह्याचं गॅझेटियर या ३५ वर्षांच्या मराठी अमलावर कडक ताशेरे ओढतं. जुलमी कर, उजाड गावं वगैरे. ज्यांनी मुलूख हिसकावून घेतला त्यांनी आधीच्यांबद्दल असंच लिहायचं असतं. ते वाचताना मीठ हाताशी ठेवावं. तरी सगळं खोटं म्हणून झटकताही येत नाही. पानिपतानंतर पुण्याची ओढाताण वाढली, आणि तिजोरी रिकामी झाली की पहिली कात्री इस्ताव्याला लागते. पहिल्या पिढीच्या सुभेदारांनी जमवलेला विश्वास पुढच्यांनी किती राखला, हे गावागावाचे कागद पाहिल्याशिवाय कुणी छातीठोक सांगू नये.

शेवट सर्वांना माहीत आहे. नारायणरावांच्या खुनानंतर पुण्यात गोंधळ माजला. २८ डिसेंबर १७७४ ला इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला घेतला. त्यात त्यांचा कमोडोर वॉटसन गेला, पण साष्टी त्यांच्या घशात गेली ती गेलीच. १७८० मध्ये गॉडार्डनं वसईही घेतली. १७८२ च्या सालबाईच्या तहात वसई परत मिळाली, साष्टी मिळाली नाही. तेव्हापासून आपण मुंबईला जोडले गेलो. १९७६ च्या कमाल जमीन धारणा कायद्याचा आधार घेऊन मृणाल गोरे, बाबूराव सामंत आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी इथं दिंडोशीत सामान्य माणसांसाठी सहा हजारांहून अधिक घरांची नागरी निवारा वसाहत उभी केली. या जमिनीवर कुणाचा हक्क, हा वाद साष्टीत नवा नाही एवढंच इथं म्हणतो.

वसईच्या किल्ल्यात चिमाजीअप्पांचा अश्वारूढ पुतळा आहे. तो असावाच. पण ज्यांना सुट्टीचा एक दिवस मिळेल त्यांनी विरारला उतरावं, अर्नाळ्याच्या किनाऱ्यावर जावं, होडीनं बेटावर उतरावं आणि दरवाजावरचा तो लेख वाचावा.

आणि एक विनंती, विशेषतः मालाड, गोरेगाव, कुरार, आकुर्ली, पोयसर इथल्या जुन्या गावठाणांतल्या कुटुंबांना, हिंदू असोत की ख्रिस्ती. घरात आजोबा-पणजोबांच्या पेटीत मोडीत लिहिलेला किंवा पोर्तुगीज अक्षरांतला एखादा कागद असेल, तर घर पुनर्विकासाला देताना तो रद्दीत घालू नका. पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ आणि राज्याचं पुराभिलेख खातं असे कागद पाहतात. मूळ देऊ नका हवं तर, छायाचित्र द्या. शंकराजीपंतांच्या काळातला साष्टीतल्या एका गावाचा कौल सापडला तरी आजच्या व्याख्यानातली अर्धी पानं मला नव्यानं लिहावी लागतील, आणि मी ती आनंदानं लिहीन.